बाटलीचं शिंकं

निमाणीहून नाशिक रोडला येणाऱ्या सिटी बसमध्ये, दुपारी तीनच्या सुमारास, माझी पाण्याची बाटली मांडीवरून निसटली. लिटरची स्टीलची बाटली, आत निम्मं पाणी. द्वारकेच्या सिग्नलला ड्रायव्हरने ब्रेक मारला तशी ठणठणत पुढे गेली, सिग्नल सुटला तशी मागे आली. मी वाकेपर्यंत तिसऱ्याच सीटखाली. लोक पाय वर घेऊन तिला वाट करून देत होते. एका शाळकरी पोराने तर पास दिल्यासारखी पलीकडे ढकलली. शेवटी कंडक्टरने तिला बुटाने अडवलं, उचललं आणि जत्रेत चुकलेलं पोर वर धरून विचारावं तसं विचारलं, "कोणाची आहे?"

मी गप्प बसलो.

बाटलीवर गुलाबी फुलपाखरं आहेत, नातीने टाकून दिलेली आहे, हे एक कारण. पण खरं कारण म्हणजे ती पहिल्यांदा गडगडली तेव्हाच मी खिडकीबाहेर बघायला लागलो होतो, आणि एकदा खिडकीबाहेर बघायला लागलेल्या माणसाला मग बाटली आपली म्हणणं जड जातं. बिटकोला उतरताना ड्रायव्हरच्या मागून हळूच उचलून आणली.

घरी हिला सांगितलं. ही म्हणाली, "पट्ट्याच्या बाटल्या मिळतात की बाजारात." मिळतात. पण पट्ट्याची बाटली म्हटली की मला वॉटरबॅग आठवते, आणि वॉटरबॅग म्हटली की तो वास. नवीन वॉटरबॅगेतलं पाणी जूनच्या पहिल्या दिवशी प्यायलं की सुट्टी होईपर्यंत जिभेवर रेनकोट घातल्यासारखं वाटायचं. शिवाय झाकणाचाच पेला, आणि तो पेला वर्गातल्या कोणीतरी तोंड लावून उष्टा केलेला. पाणी वरून प्यावं. ज्यांना वरून पिता येत नाही त्यांच्याविषयी माझं मत काही चांगलं नाही, पण ते इथे नको.

"मी विणतो पिशवी," मी म्हणालो. ही चहा गाळत होती. तिने गाळणं खाली ठेवलं नाही, पण थांबली.

क्रोशा मला येतो असं नाही म्हणता येणार. क्रोशा माझ्या ओळखीचा आहे. उन्हाळ्याच्या सुट्टीत मी पंचवटीत मावशीच्या वाड्यात असायचो. दुपारी गंगेवर जायला बंदी (नदीला आम्ही गंगाच म्हणतो, गोदावरी भूगोलाच्या पेपरात), पत्त्यांत मी हरायचो, त्यामुळे ओसरीवर मावशीच्या समोर माझी नेमणूक ठरलेली. दोन्ही हात पुढे, अंगठे वर, मनगटांवर लोकरीची लड, आणि मावशी गुंडा करत जायची. दोरा डावीकडून सुटताना डावा हात जरा खाली करायचा, उजवीकडून सुटताना उजवा. हे झुलणं जमलं की मावशीला बोलावं लागत नसे. फक्त एक पंचाईत होती. नाकावर माशी बसली की हात अडकलेले. मी "मावशी, माशी" म्हणायचो आणि ती गुंडा न थांबवता पुढे वाकून फुंकर मारायची. तिच्या फुंकरीला बडीशेपेचा वास.

मावसभाऊ हसायचे. मुलींमध्ये बसतो म्हणून त्यांनी मला एक नाव ठेवलं होतं, ते मी अजून कोणाला सांगितलेलं नाही. पण त्या दोन-तीन सुट्ट्यांमध्ये मावशीची सुई बघून बघून मला साखळी कळली, खांब कळला, मुका खांब कळला. मुका खांब हा शब्द मला अजून आवडतो. उभा खांब घालताना दोरा आधी सुईवर एक वेढा घेतो, मुका खांब असलं काही करत नाही. घरात शिरतो, दोरा ओढून बाहेर येतो, मिटून बसतो.

आता विणायला बसताना व्हिडिओ लावले तेव्हा या शब्दाची किंमत कळली. अमेरिकन बाई ज्याला सिंगल म्हणते त्याच टाक्याला इंग्लंडची बाई डबल म्हणते, आणि इंग्लंडची ट्रेबल म्हणजे अमेरिकेची डबल. पहिले दोन दिवस मी एकीचं ऐकून दुसरीचं विणत होतो. आपला मुका खांब या भांडणात पडत नाही.

पण त्याआधी दोरा आणायचा होता. मेन रोडला लोकरीच्या दुकानात गेलो. काउंटरपलीकडच्या माणसाने अदबीने विचारलं, "वहिनींना कोणता रंग हवाय?" इथे साधं उत्तर होतं, आणि ते माझ्या जिभेवरही होतं. पण मी मोबाइल काढला, कानाला लावला आणि कोणालाही न लावलेल्या फोनवर म्हणालो, "हॅलो, अगं कोणता रंग म्हणालीस?" जरा ऐकल्यासारखं केलं. "हिरवा म्हणतेय. सुती. जाड." साठी उलटलेल्या माणसाने हे केलं. चार मिलिमीटरची सुईसुद्धा वहिनींच्याच नावावर घेतली.

तळ गोल हवा. गोलाचं गणित सोपं आहे: कड्यात सहा मुके खांब, पुढच्या फेरीत बारा, मग अठरा, चोवीस, तीस, छत्तीस. दर फेरीला सहाच वाढवायचे. कमी वाढवले तर गोल वाटीसारखा वळतो, जास्त वाढवले तर कडेला झालर सुटते. माझी पहिली चकती वाटी झाली, दुसरी झालर. मला राग आला तो वेगळ्या कारणाने. माझी सगळी नोकरी नोटांच्या प्रेसमध्ये गेली. १९२८ पासून तिथे नोटा छापतात आणि छापलेलं सगळं मोजतात, पुन्हा मोजतात, आणि मग तिसराच माणूस मोजतो. तिथे माझं कधी एक पान इकडचं तिकडे झालं नाही. आणि इथे छत्तीस टाके तीनदा मोजले तर तीन आकडे. एकदा पस्तीस, एकदा सदतीस, आणि छत्तीस आले तेव्हा मला खरे वाटले नाहीत.

छत्तीसवर वाढ थांबवली की चकती आपोआप उभी राहायला लागते. ही गोष्ट मी मावशीकडे शेकडो वेळा पाहिली असेल, तरी स्वतःच्या हातात ती भिंत उठताना बघितली तेव्हा गॅलरीत एकटाच असून इकडेतिकडे बघितलं. मग पुढे जाळी. एक खांब, एक साखळी, खालचं एक घर सोडायचं, पुन्हा खांब. छत्तीसात अठरा खिडक्या. जाळीतून फुलपाखरं दिसत होती, त्याला इलाज नव्हता.

या वस्तूला म्हणायचं काय, यावर आमच्या घरी दोन दिवस चर्चा झाली. ही म्हणे कव्हर. पण कव्हर झाकतं, हे काही झाकत नाही. पिशवी म्हणावी तर सगळी भोकंच. झोळी म्हटलं की मागायला निघाल्यासारखं वाटतं. मला मात्र विणताना सारखं वाड्यातलं शिंकं दिसत होतं. स्वयंपाकघरात तुळईच्या कडीला सुतळीचं शिंकं, त्यात विरजणाचं मडकं, आणि खाली मांजर. ते मांजर तासन्‌तास वर बघत बसायचं. शिंकं जागेवरच हलकं हलायचं, तेवढ्यावर त्याची आशा टिकून होती.

प्रवासातलं शिंकंही आमच्याकडे होतं. वडिलांनी भांडी बाजारातून घेतलेला पितळी फिरकीचा तांब्या. त्याला धरायला काही नाही, गोल गरगरीत, भरला की हातातून निसटणारा. घरोघरी वायरच्या पिशव्या विणल्या जात होत्या तो काळ. मावशीने त्या तांब्याला नायलॉनच्या दोऱ्याची जाळी विणली, वर मनगटात घालायला फास ठेवला. रंग जांभळा. तो तांब्या धरायची पाळी माझ्यावर आली की मी तो पायामागे लपवायचो.

मुंबईहून परतताना गाडी इगतपुरीला बराच वेळ थांबायची. तेव्हा मुंबईकडची लाइन १,५०० व्होल्टच्या डीसीवर आणि इगतपुरीच्या पुढची २५,००० व्होल्टच्या एसीवर, त्यामुळे तिथे इंजिन बदलायचं. घाट चढवायला मागे लावलेली इंजिनंही तिथेच सुटायची. वडिलांना हे सगळं माहीत होतं आणि म्हणून ते निवांत खाली उतरायचे, फलाटाच्या पार टोकाच्या नळावर. जवळच्या नळाला पाणी असलं तरी टोकाच्याच. मी खिडकीच्या गजांना गाल लावून बघत राहायचो. दर वेळी वाटायचं, आता गाडी सुटणार, आणि आपण आईबरोबर नाशिकला जाणार आणि वडील जन्मभर इगतपुरीला राहणार. त्यांचं तिकडे काय होईल याचा मी पुष्कळ विचार केला होता. ते वडे विकतील असं ठरवलं होतं.

एकदा खरंच गाडी सुटली. वडील धावत आले, दोन्ही हातांनी दांडे धरून चढले, आणि जांभळ्या जाळीतला तांब्या मनगटाला लोंबकळत दाराच्या पत्र्यावर आपटला. घंटा वाजावी तसा. त्या तांब्याला खळगा पडला तो अजून आहे. पुढे वडील ही गोष्ट सांगताना म्हणायचे, "जाळी होती म्हणून हात मोकळे होते, नाहीतर संपलो होतो." आई स्वयंपाकघरातून म्हणायची, "गाडी हललीसुद्धा नव्हती." मी तिथे होतो, गजाला गाल लावून होतो, आणि मलाही आज सांगता येत नाही. फलाट सरकत होता असं आठवतं. पण आठवणीत तो तांब्याही सोन्याचा दिसतो.

तर हात मोकळे राहावेत म्हणून मी सतरा दुपारी दोन्ही हात गुंतवून बसलो. ही हिशेब मांडते, मी मांडत नाही.

पट्टा पाच मुक्या खांबांच्या रुंदीचा केला, खांद्यावरून तिरका घातला की बाटली बरोबर कमरेशी. आरशात पाहिलं, छान. बाटली भरली आणि जेल रोडने फिरायला निघालो. लिटरभर पाणी म्हणजे किलोभर वजन, वर स्टीलचं वेगळं, हे मी विसरलो होतो. सुती पट्टा सुटत गेला. चौकापर्यंत बाटली मांडीवर आली, भाजीवाल्यांपर्यंत गुडघ्याच्या जरा वर, आणि तिथून पुढे दर पावलाला टक, टक. त्यात फ्रिजचं पाणी. बाटलीला घाम फुटला, तो दोऱ्याने पिऊन घेतला, ओला दोरा आणखी लांबला. शेवटी बाटली जाळीसकट उचलून कडेवर घेतली आणि परत आलो. हिने दार उघडलं, एकदा बाटलीकडे आणि एकदा पॅन्टवरच्या ओल्या गोलाकडे बघितलं, आणि हसली नाही. याबद्दल मी तिचा ऋणी आहे.

उपाय तिनेच सांगितला. परकराची नाडी. पट्ट्याच्या मागच्या बाजूने रुंद नाडी शिवून टाकली, की ताण नाडीवर येतो, विणीवर नाही. आता पट्टा जिथल्या तिथे. वरून हिरवं क्रोशाकाम, आतून पांढरी नाडी. बाहेरून कोणाला कळत नाही.

मावशीला कळलं.

गेल्या बुधवारी बाटली खांद्याला लावून पुन्हा पंचवटीत गेलो. वाडा कधीच गेला, मावशी आता हिरावाडीला लेकाच्या फ्लॅटमध्ये असते. चौऱ्याऐंशी पूर्ण. बोटं वाकडी झालीत, सुई धरवत नाही. बुधवारचा बाजार म्हणून पायऱ्यांवरून हिंडून आलो होतो, एका हातात मेथी, एका हातात पेरू, आणि बाटली आपली आपण कमरेशी. मी दारातच वळून दाखवलं.

"तू विणलंस?"

"हो."

बास, सरळ हो म्हणालो. दुकानात जो शब्द जिभेवर अडला होता तोच.

तिने बाटली काढून टेबलावर ठेवली आणि जाळी हातात घेतल्या घेतल्या उलटी केली. विणणारी माणसं आधी उलटी बाजू बघतात. नाडी दिसली. "ही काय कलाकारी?" मग चष्मा वर करून, जाळी डोळ्यांपाशी धरून, अंगठ्याने एकेक खिडकी चाचपत गेली. सगळी फेरी झाल्यावर म्हणाली, "सतरा."

"अठरा आहेत, मावशी."

"खाली अठरा. तिसऱ्या ओळीपासून सतरा. एक खांब खाल्लास."

मोजलं. सतरा. दोन आठवडे ती पिशवी मी वापरत होतो, ती एका बाजूला जरा कललेली दिसायची, आणि मी त्याचं खापर बाटलीवर फोडत होतो.

"राहू दे गं," मी म्हणालो. "पाणी काही सांडत नाही."

तिने उत्तर दिलं नाही. सुनेकडून कात्री मागितली, नाडीचे टाके कापले, पट्ट्याच्या टोकाची गाठ सोडवली आणि दोरा ओढला. क्रोशाला ओढायला एकच जिवंत घर असतं, ते सापडलं की बाकीचं स्वतःहून येतं. पट्टा सर्रकन गेला. माझ्या सात दुपारी. मग वरची फेरी, मग तिच्या खालची. हिरवा दोरा तिच्या मांडीवर, जमिनीवर, पेरूंवर, लाटा पडून कुरळा झालेला. तिसऱ्या ओळीशी ती थांबली.

"गुंता होईल," ती म्हणाली. "हात पुढे कर."

मी खुर्ची ओढली आणि केले. अंगठे वर.