एक्झिक्युटर व्हायला हो म्हणण्याआधी

आत्याने मृत्युपत्रात एक्झिक्युटर म्हणून, म्हणजे तिच्यामागे मृत्युपत्राप्रमाणे सगळं पार पाडणारा म्हणून, माझं नाव घातलंय हे कळल्यावर सगळे म्हणाले, वा, केवढा विश्वास! विश्वास आहेच हो, पण सोबत कारकुनी पण येते आणि बोलणीही खावी लागतात, ते कोणी सांगत नाही.

लोकांना वाटतं एक्झिक्युटर म्हणजे वाटप करणारा. अरे, वाटप सगळ्यात शेवटी! आधी सही केलेलं मूळ मृत्युपत्र हातात हवं, झेरॉक्सवर भागत नाही, मग मृत्यूचा दाखला (प्रती भरपूर काढून ठेवा, जो तो मागतो), लागेल तिथे प्रोबेट (म्हणजे मृत्युपत्र खरं असल्याचं कोर्टाचं शिक्कामोर्तब), आणि मग यादी म्हणजे खाती, ठेवी, शेअर्स, विमा, लॉकर, कोणाला उसने दिलेत, कोणाचे घेतलेत. आत्या हिशोबाची पक्की, पण निम्मी स्टेटमेंटं ईमेलवर यायची आणि त्याचा पासवर्ड फक्त तिलाच माहीत, आता बोला.

यादी झाली की आधी देणी. अंत्यविधीचा खर्च, कर्ज, थकलेली बिलं, टॅक्स. उरेल ते वारसांचं. घाईघाईत वाटून टाकलं आणि मागून टॅक्सची नोटीस आली तर एक्झिक्युटरच्या स्वतःच्या खिशाला चाट बसू शकते. म्हणून मी थांबा म्हणायचो, आणि तिकडून "दादा, तू मुद्दाम लांबवतोयस का?" त्यासाठीच पहिल्या दिवसापासून वेगळं खातं ठेवलं, प्रत्येक खर्चाची पावती ठेवली, आणि कोणी विचारायच्या आत हिशोब सगळ्यांना पाठवत गेलो. तोंडी सांगितलेलं कोणाच्या लक्षात राहत नाही, किंवा प्रत्येकाच्या वेगळं लक्षात राहतं.

सगळ्यात अवघड गेलं ते बांगड्यांचं. मृत्युपत्रात त्या एका भाचीच्या नावे होत्या, पण आत्याने त्या मधेच कधीतरी विकल्या होत्या. अशा वेळी साधारणपणे ती देणगीच संपते, बदल्यात पैसे मिळत नाहीत. वकिलाने हे दोन वाक्यांत सांगितलं, तिच्या आईला पटवायला मात्र बरेच महिने गेले, आणि अजून पुरतं पटलंय असं नाही.

मृत्युपत्रात नाव आलं म्हणून काम घ्यायलाच पाहिजे असं नसतं, नाही म्हणता येतं. पण ते सुरुवातीलाच म्हणायचं, एकदा पैशाअडक्याला हात लावून कारभार सुरू केला की सुटणं कठीण. परवा काकांनी पण विचारलं, तुझं नाव घालू का. म्हटलं काका, आधी यादी करून द्या, मग बघू.