पिक्चर कुणाचा?

कुणाचा पिक्चर आहे असं विचारलं की आपण डिरेक्टरचं नाव सांगून मोकळे होतो. यात थोडंफार पाप त्रुफो या फ्रेंच समीक्षकाचं आहे, त्याने 1954 साली लेख लिहून पटकथालेखकांच्या जिवावर चालणारा फ्रेंच सिनेमा यथेच्छ झोडपला, आणि मग हळूहळू डिरेक्टर हाच खरा लेखक असं ठरून गेलं. लिहिणारा बिचारा टायटल्समध्ये दोन सेकंद.

म्हणून मला आलाँ रॉब-ग्रिये हा माणूस आवडतो. मुळात कादंबरीकार, तोही प्लॉट, पात्रांची सायकॉलॉजी वगैरे जुना माल म्हणून बाजूला काढणारा. 'लास्ट इयर ॲट मारियनबाद' (1961) साठी त्याने जे लिहिलं त्यात नुसते डायलॉग नव्हते हो, कॅमेरा कसा सरकणार, फ्रेममध्ये काय दिसणार, सगळं आधीच कागदावर, म्हणजे डिरेक्टरने फक्त ॲक्शन आणि कट म्हणायचं! आणि आलाँ रेनेने, लेखक शूटिंगला नसताना, ते बऱ्यापैकी इमानदारीत शूटही केलं.

एक सीन सोडून. स्क्रिप्टमध्ये शेवटाकडे नायिकेवर बलात्कार होता. रेनेने तो घेतलाच नाही. त्याऐवजी कॅमेरा झपाट्याने तिच्याकडे जातो आणि ती हात पसरून स्वागत करते, परत जातो, परत तेच, आणि सगळं इतकं पांढरंफटक की डोळे दिपतात. कागदावर जबरदस्ती, पडद्यावर हे. मी इथे सरळ रेनेच्या बाजूने आहे. लेखकाने काय केलं, तर स्क्रिप्टचं पुस्तक काढलं, त्यात आपला सीन तसाच ठेवला, आणि वर प्रस्तावनेत लिहिलं की आमचं जवळजवळ सगळ्यावर एकमत होतं. (वा!)

बरं, मुळात पिक्चरमधले नायक-नायिका गेल्या वर्षी भेटले होते का, यावरही यांचं जमेना. लेखक म्हणतो नाही भेटले, रेने म्हणतो भेटले असं मानल्याशिवाय मला शूटच करता आलं नसतं. तरी ऑस्करला ओरिजिनल स्क्रीनप्लेचं नॉमिनेशन रॉब-ग्रियेला मिळालं.

मग 1963 मध्ये त्याने 'लिमॉर्तेल' स्वतःच लिहिला, स्वतःच डिरेक्ट केला. इस्तंबूल सुंदर दिसतं, पण माणसं दुकानातल्या पुतळ्यांसारखी उभी. नाही म्हणणारं कुणी उरलं नाही की असं होत असावं, असा माझा आपला संशय.

मार्गरीत द्युरास, तीही कादंबरीकार, त्याच्या पुढची. रेनेसाठी 'हिरोशिमा मॉन आमूर' तिनेच लिहिला होता. 1977 च्या 'ल कामियाँ'मध्ये (म्हणजे 'ट्रक') ती चक्क स्वतःच्या घरात नट देपार्दियूला समोर बसवून स्क्रिप्ट वाचते, न काढलेल्या पिक्चरची. म्हणजे कुणी बिघडवायचा प्रश्नच नाही. पण मधूनमधून खराखुरा ट्रक रस्त्याने जाताना दाखवलाय, आणि खरं सांगू, मी वाचन सोडून त्या ट्रककडेच बघत बसते.