शिक्का होता, परवानगी नव्हती

दक्षिण जर्मनीतील एका मध्यम आकाराच्या शहरात मी गेली नऊ वर्षे फार्मासिस्ट म्हणून काम करते. त्या गुरुवारी संध्याकाळी, फार्मसी बंद व्हायला वीस मिनिटे उरली असताना, मिरजेचे काका आत आले आणि त्यांनी प्लास्टिकच्या फोल्डरमधून दोन कागद काढून काउंटरवर ठेवले. एक होते दुबईमार्गे मुंबईचे तिकीट आणि दुसरा होता आरोग्य कार्यालयाचा गोल शिक्का मारलेला दाखला. "ताई, या वेळी सगळे मीच करून आणले. तुम्हाला त्रास दिला नाही," असे ते म्हणाले, आणि त्यांच्या चेहऱ्यावरचे समाधान पाहून मला पुढचे वाक्य उच्चारणे फार जड गेले. त्या दाखल्यावर ते आपला वैद्यकीय गांजा भारतात एक ग्रॅमही नेऊ शकत नव्हते.

काका अठ्ठावन्न वर्षांचे आहेत. कण्याच्या शस्त्रक्रियेनंतर त्यांच्या उजव्या पायात मज्जातंतूंची वेदना कायमची राहिली आहे. पाय विस्तवावर धरल्यासारखा वाटतो, आणि तोही नेमका रात्री, असे ते सांगतात. मज्जातंतूंच्या वेदनेवरच्या प्रीगॅबालिन या औषधाने त्यांना भोवळ येत असे, ओपिऑइडच्या (अफूवर्गातील वेदनाशामकाच्या) पट्ट्यांनी पोट आणि डोके दोन्ही बिघडले. शेवटी वेदनातज्ज्ञांनी त्यांना वैद्यकीय गांजा लिहून दिला: बावीस टक्के टीएचसी (गांजातील मुख्य सक्रिय द्रव्य) असलेली वाळवलेली फुले, दळून, व्हेपोरायझर या वाफ ओढायच्या यंत्रात तापवून, संध्याकाळी आणि झोपण्यापूर्वी मिळून दिवसाला ०.५ ग्रॅम. त्यानंतर ते सलग पाच तास झोपू लागले. ज्यांना हा उपचार म्हणजे नशेचे निमित्त वाटते, त्यांनी अशा माणसाची पहिल्या पूर्ण झोपेनंतरची मुद्रा एकदा पाहावी.

जर्मनीत २०१७ च्या मार्च महिन्यापासून डॉक्टर ही फुले लिहून देऊ शकतात, आणि १ एप्रिल २०२४ पासून ती अमली पदार्थांच्या कायद्यातून वगळून स्वतंत्र कायद्याखाली आणली गेली. त्यामुळे पूर्वीचे पिवळे, तीन भागांचे खास प्रिस्क्रिप्शन गेले आणि साधे प्रिस्क्रिप्शन आले. या बदलाने आमचे काम हलके झाले, परंतु लोकांच्या मनात एक घातक गैरसमजही रुजला. "आता हे अमली नाही" हे वाक्य मी आठवड्यातून दोनदा तरी ऐकते. ते जर्मनीच्या हद्दीत खरे आहे. पण अमली पदार्थांवरील १९६१ च्या आंतरराष्ट्रीय करारात गांजा आजही पहिल्या अनुसूचीत आहे. २०२० च्या डिसेंबरमध्ये तो केवळ चौथ्या, अधिक कडक अनुसूचीतून काढला गेला. सीमा ओलांडताच तुमच्या डबीकडे पाहणारा माणूस त्याच्या देशाचा कायदा लावतो, तुमच्या देशाचा नव्हे.

म्हणूनच शेंगेन देशांत, म्हणजे आपसांतली नेहमीची सीमातपासणी काढून टाकलेल्या युरोपीय देशांत, जाताना आजही शेंगेन कराराच्या ७५ व्या कलमाखालचा दाखला लागतो. तो डॉक्टरांनी भरायचा, आरोग्य खात्याच्या स्थानिक कार्यालयाने प्रमाणित करायचा, प्रत्येक औषधासाठी वेगळा, आणि मुदत जास्तीत जास्त तीस दिवस. बाहेरच्या माणसाला हा एक साधा अर्ज वाटतो. पण त्यात एक रकाना असा आहे की ज्यावर मी आतापर्यंत किमान दहा दवाखान्यांशी वाद घातला आहे. तो रकाना एकूण सक्रिय द्रव्याचा. गोळ्यांच्या बाबतीत हिशोब सोपा असतो, फुलांच्या बाबतीत जवळजवळ प्रत्येक दवाखाना तिथे फुलांचे वजन लिहितो. काका वर्षभरापूर्वी ऑस्ट्रियाला मुलीकडे निघाले होते, तेव्हा त्यांच्याही दाखल्यावर "१५ ग्रॅम" असे आले होते. दिवसाला ०.५ ग्रॅम या हिशोबाने तीस दिवसांची फुले १५ ग्रॅम होतात हे बरोबर. परंतु त्यातील टीएचसी बावीस टक्के, म्हणजे ३.३ ग्रॅम, आणि त्या रकान्यात ३३०० मिलिग्रॅम हाच आकडा हवा. डबीवरच्या लेबलावर बावीस टक्के आणि १५ ग्रॅम, आणि कागदावर सक्रिय द्रव्यच १५ ग्रॅम, असे दोन न जुळणारे आकडे घेऊन कोणीही सीमेवर उभे राहू नये. मी दवाखान्यात फोन केला. स्वागतकक्षातल्या बाईंनी नाराजीच्या स्वरात "आजवर कोणी तक्रार केली नाही" असे ऐकवले. मी नवा कागद मिळेपर्यंत फोन ठेवला नाही. ज्या दवाखान्यात महिन्याला शेकडो प्रिस्क्रिप्शन निघतात तिथे एक रकाना नीट वाचायला वेळ नसावा, हे मला आजही पटत नाही.

त्या वेळी मी काकांना सगळे समजावून दिले होते. औषध मूळ डबीतच ठेवायचे, लेबल फाडायचे नाही, दाखल्याची मूळ प्रत हातातल्या बॅगेत, पासपोर्टवरचे नाव आणि दाखल्यावरचे नाव अक्षरशः एक, औषध स्वतःच न्यायचे, काकूंच्या बॅगेत द्यायचे नाही, आणि पोस्टाने तर मुळीच पाठवायचे नाही. ते ऑस्ट्रियाला जाऊन सुखरूप परतले. निघताना मी त्यांना आपल्या भाषेत म्हणाले होते, "आता काही काळजी नाही, काका." मी हे लिहायला बसले ते याच वाक्यामुळे. परक्या मुलखात मराठीत बोलायला मिळाले की जीभ थोडी सैल सुटते, नियमांची वाक्ये घरगुती होतात, आणि "शेंगेनपुरते" हा एक शब्द मी त्या दिवशी म्हटला होता की नाही, हे मला कितीही आठवून पाहिले तरी आठवत नाही.

काकांनी मात्र माझे वाक्य जसेच्या तसे जपून ठेवले होते. वडिलांचे वर्षश्राद्ध मिरजेला, बारा दिवसांचा मुक्काम, म्हणून त्यांनी जुन्या दाखल्याची झेरॉक्स दवाखान्यात दाखवली, तसाच नवा भरून घेतला, त्यात ३३०० मिलिग्रॅम अगदी अचूक होते, आणि आरोग्य कार्यालयात जाऊन शिक्का मारून घेतला. कुठे निघालात, हे त्यांना दवाखान्यातही कोणी विचारले नाही आणि कार्यालयातही नाही. कागदाच्या शीर्षकातच शेंगेन लिहिलेले आहे. पण शिक्का बसलेला कागद माणूस शीर्षकापासून वाचत नाही, तो शिक्क्यापासून वाचतो. माझ्या शेजारी उभ्या असलेल्या जर्मन सहकाऱ्याने कागद उलटसुलट पाहून "अधिकृतच आहे की" असे म्हटले, तेव्हा मला त्याचा रागच आला, कारण हे काम तोही माझ्याइतकीच वर्षे करतो आहे.

मी काकांना आतल्या खोलीत बसवले आणि भारताचा कायदा सांगितला. १९८५ च्या एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थांच्या, कायद्यात गांजाची व्याख्याच मुळी झाडाचे फुलोऱ्याचे किंवा फळधारणेचे शेंडे अशी आहे, म्हणजे त्यांच्या डबीत जे होते तेच. वैद्यकीय कारणासाठी सूट आहे, पण ती कायद्याने आणि नियमांनी ठरवून दिलेल्या परवान्यांच्या मार्गाने. अमली औषधांच्या आयातीचे प्रमाणपत्र ग्वाल्हेरला मुख्यालय असलेल्या केंद्रीय नार्कोटिक्स ब्युरोचे नार्कोटिक्स आयुक्त देतात. जर्मन डॉक्टरांची सही आणि जर्मन शिक्का यांतून ती परवानगी निर्माण होत नाही. शिवाय दुबईत विमान बदलताना ते अमिरातीच्या भूमीवर असणार होते, आणि तिथले अमली पदार्थांचे कायदे किती कडक आहेत हे वेगळे सांगायला नको.

काकांनी मोबाईल काढून नातेवाइकांच्या गटातला संदेश दाखवला: एक किलोच्या आत असेल तर चालते. हा संदेश कोणी पसरवला असेल त्याला मी समोर बसवून कायदा वाचून दाखवीन. गांजाची एक किलो ही मर्यादा "अल्प प्रमाण" कशाला म्हणायचे ते ठरवते. त्या प्रमाणातही एक वर्षापर्यंत सक्तमजुरी किंवा दहा हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. ती शिक्षेची पायरी आहे, सवलत नव्हे. मग त्यांच्या पुतण्याचा मुद्दा आला की भांग उघड मिळते. भांग पानांची असते, आणि फुलोरा सोबत नसलेली पाने त्या व्याख्येत येत नाहीत, म्हणून तो प्रश्नच वेगळा. विजयेच्या (आयुर्वेदात गांजा-भांगेच्या झाडाचे नाव) पानांपासून केलेली, आयुष म्हणजे पारंपरिक औषधांच्या परवान्याखाली विकली जाणारी औषधेही भारतात आहेत, पण मोजून दिलेल्या बावीस टक्क्यांच्या फुलांची जागा त्यांनी कशी आणि किती मात्रेत घ्यावी, हे मी सांगू शकत नव्हते, आणि अंदाजाने सांगणे हा माझ्या लेखी गुन्हा आहे.

काका बराच वेळ तिकिटाकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "म्हणजे कागद खोटा नाही, पण उपयोगाचा नाही." मी हो म्हटले.

प्रवासाला पाच आठवडे होते. तेवढ्या वेळात जे करता येईल ते करायचे मी ठरवले. शेंगेनबाहेरच्या प्रवासासाठी व्हिएन्नाच्या आंतरराष्ट्रीय अमली पदार्थ नियंत्रण मंडळाच्या मार्गदर्शक सूचना आहेत. त्यानुसार डॉक्टरांनी सक्रिय द्रव्य, एका वेळची मात्रा, दिवसाची मात्रा आणि प्रवासाचा काळ लिहून प्रमाणपत्र द्यावे, असे जर्मन प्रशासनही सांगते, आणि त्याच परिच्छेदात पुढे असेही सांगते की जिथे जाणार त्या देशाचे नियम प्रवाशाने स्वतः तपासावेत. मी तसे प्रमाणपत्र इंग्रजीत तयार करून घेतले आणि ते जोडून दोन ठिकाणी विचारणा केली. एका ठिकाणाहून काहीच आले नाही. दुसरीकडून आलेल्या तीन ओळींच्या उत्तरात प्रचलित कायदा पाहावा एवढाच सल्ला होता. दोन देशांमध्ये रुग्ण कायदेशीरपणे उभा राहू शकेल अशी जागा कोणाच्याच टेबलावर नाही. प्रत्येक जण दुसऱ्या टेबलाकडे बोट दाखवतो, आणि शेवटी बोट वेदना सोसणाऱ्या माणसाकडेच वळते.

उत्तराची वाट पाहत असतानाच मी वेदनातज्ज्ञांशी बोलले, आणि इथे मात्र मला त्यांचे मनापासून कौतुक करावेसे वाटते. त्यांनी पहिल्या फोनवरच वेळ दिला, तीन आठवड्यांत फुलांची मात्रा टप्प्याटप्प्याने उतरवण्याचे वेळापत्रक आखले, एकदम बंद केल्यास झोप उडते आणि चिडचिड वाढते हे काकूंनाही समजावले, आणि पूर्वी सोसले नव्हते तेच प्रीगॅबालिन या वेळी फार कमी मात्रेपासून रात्रीपुरते सुरू केले.

निघण्याच्या आदल्या दिवशी काका प्रीगॅबालिन न्यायला आले. सामान भरून झाले का, असे मी सहज विचारले आणि त्यांनी यादी सांगितली: सोवळे, दर्भ तिकडेच मिळतील, आईसाठी गुडघ्याचा पट्टा, पायाला शेकायचे यंत्र. मी थांबवून विचारले, शेकायचे यंत्र म्हणजे कोणते? त्यांनी बॅगेतून व्हेपोरायझर काढला. औषध नेत नाहीच, पण यंत्र जवळ असले की धीर वाटतो, असे त्यांचे म्हणणे होते, आणि आईला काय सांगायचे म्हणून त्यांनी घरात त्याचे ते नाव पाडले होते. मी झाकण उघडले. कक्षाच्या कडेला तपकिरी चिकट थर होता, जाळीच्या भोकांत दळलेल्या फुलांचे हिरवट कण अडकले होते, आणि उघडताक्षणी तो ओळखीचा वास खोलीभर पसरला. सोबतच्या लहान चक्कीच्या दातांतही तेच. पाच आठवडे आम्ही डबीबद्दल बोलत होतो, आणि डबी घरी ठेवून ते गांजाचा अंश हातातल्या बॅगेत घेऊन दुबईच्या तपासणी यंत्रासमोर उभे राहणार होते. हे माझ्या यादीत नव्हते. मी ते सहज विचारले म्हणून कळले. बॅगेचा तो कप्पा आम्ही रिकामा करून पुसला, आणि यंत्र व चक्की त्याच संध्याकाळी काकूंच्या ताब्यात घरी गेली.

काका परत आल्यावर चौथ्या दिवशी फार्मसीत आले. श्राद्धाला पाटावर बसता आले नाही, खुर्चीवर बसून केले; गुरुजींनी चालते म्हटले, पण मोठ्या काकांनी तोंड वाकडे केले. रात्री ते अंगणातल्या झोपाळ्यावर पाय वर घेऊन बसत आणि पहाटे चारच्या सुमारास डोळा लागे. आईने एका रात्री उठून त्यांच्या पायाला तेल लावून दिले, हे सांगताना त्यांनी मान दुसरीकडे वळवली.

इतके दिवस औषध बंद राहिल्यामुळे डॉक्टरांनी पुन्हा दिवसाला ०.१ ग्रॅमपासून सुरुवात लिहून दिली होती. मी फुले तोलून दिली, मात्रा वाढवण्याचे टप्पे मराठीत लिहून दिले, आणि त्यांच्या फोल्डरमधल्या जुन्या दाखल्याच्या झेरॉक्सवर लाल शाईने लिहिले: "फक्त शेंगेन देशांसाठी. भारतासाठी नाही." त्यांनी ते वाचले, घडी घातली आणि विचारले, "पुढच्या वर्षी आईचे सहस्रचंद्रदर्शन आहे. तोवर काही बदलेल का, ताई?" मी त्यांना तिकीट काढण्याआधी माझ्याकडे यायला सांगितले. उत्तर न आलेल्या त्या पहिल्या कार्यालयाला मी पुन्हा पत्र पाठवले आहे, या वेळी नोंदणीकृत पोस्टाने.