आत्याचा दावा चालणार!

आज सकाळी साडेदहापासून कोर्टात आत्यासोबत बसून होतो. वाटपाचा दावा आहे, आणि समोरच्यांनी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ७ रूल ११ खाली (दावा सुरुवातीलाच नाकारायची तरतूद) अर्ज टाकलेला, की आत्याची सही असलेलं हक्कसोडपत्र, म्हणजे हिस्सा सोडल्याचा कागद, २०११ चं आहे, दावा मुदतबाह्य, सुरुवातीलाच फेटाळा. म्हणजे साक्ष नाही, पुरावा नाही, आत्याला तोंड उघडायलाच मिळणार नाही! रात्रभर झोप नाही लागली तिला. हातात ती प्लास्टिकची पिशवी, आत सातबारा, घडीवर पार फाटायला आलेला.

वकील साहेबांनी एकच गोष्ट लावून धरली, की या टप्प्यावर फक्त वादपत्र, म्हणजे आपला दाव्याचा अर्ज, वाचायचं असतं, समोरच्यांची कैफियत, म्हणजे त्यांचं लेखी उत्तर, बघायची नाही, आणि वादपत्रात स्पष्ट लिहिलंय की पेन्शनचा कागद म्हणून हक्कसोडपत्रावर सही घेतली आणि आत्याला हे कळलं गेल्या वर्षी तलाठ्याकडे फेरफार (नावं बदलल्याची नोंद) बघितल्यावर, मग तीन वर्षं तिथून मोजायची. कधी कळलं हे खरं का खोटं ते पुराव्यात ठरेल ना, आधीच कसं ठरवणार? मला हे शंभर टक्के पटतं.

दुपारी अर्ज नामंजूर झाला. अजून काही जिंकलेलो नाही, माहितीये. पुढची तारीख मुद्दे काढायला आहे, म्हणजे वाद नेमका कशाकशावर ते कोर्ट ठरवेल. आत्याने बाहेर येऊन आधी विचारलं, "म्हणजे आता माझं ऐकणार ना रे?"