खोक्यातल्या हाडांतून माकड उभं करताना

एमएस्सीला असताना विभागातला एक जुना सांगाडा पुन्हा जुळवायचं काम माझ्याकडे आलं. तारा गंजून तुटलेल्या, हाडं पुठ्ठ्याच्या खोक्यात आणि चिठ्ठीवर फक्त ‘माकड’. वानर की लाल तोंडाचं माकड, हे आधी ठरवायचं होतं. पाला खाणाऱ्या वानराच्या दाढांची टोकं उंच, धारदार असतात. ही बुटकी, गोलसर होती. म्हणजे मकाक, लाल तोंडाच्या माकडांचा गट. शेपटीच्या मणक्यांची लांबलचक रांग लागली आणि आपल्या घाटात दिसणारं टोपी माकड नक्की झालं.

शेजारी माणसाचा सांगाडा ठेवून हाडं मांडायला घेतली. मानेचे मणके ७, छातीचे १२, इथवर दोघं सारखे. कमरेला मात्र आपले ५, माकडाचे ७. चार पायांवर धावायला, झेप घ्यायला ही लांब कंबर कामाची. छातीचा पिंजरा अरुंद आणि खोल, त्यामुळे खांद्याची पाती पाठीवर न येता बरगड्यांच्या कडेला बसतात.

उरोस्थीचे, म्हणजे छातीच्या मधल्या हाडाचे, तुकडे ओळीने लावताना मॅडमनी गेलनबद्दल सांगितलं. दुसऱ्या शतकातल्या या वैद्याने बार्बरी मकाकांचं विच्छेदन केलं आणि त्यावरून माणसाच्या शरीराचं वर्णन लिहिलं. त्याने उरोस्थीचे ७ भाग सांगितले. माणसात ते ३ असतात, हे १५४३ मध्ये व्हेसेलियस या शरीररचनातज्ज्ञाने दाखवलं. समोर तुकड्यांची ती रांग पाहिली आणि गेलन असं का लिहून गेला ते लगेच कळलं.

सगळ्यात जास्त वेळ गेला मनगटात. काही हाडं इतकी लहान की प्रयोगशाळेतल्या मामांनी दिलेला चिमटा आणि भिंग घेऊनच बसावं लागलं. आपल्या मनगटात ८ हाडं, इथे ९. हे नववं हाड आपल्यातही गर्भात वेगळं तयार होतं आणि जन्माआधीच शेजारच्या हाडाला जुळून जातं. चिंपांझी आणि गोरिलातही ते जुळलेलं असतं, ओरांगउटानमध्ये बहुधा सुटं. एवढंसं हाड, पण आपण कोणाच्या जवळचे ते सांगून जातं.

दातांचा हिशेब याच्या उलट निघाला. दोघांचेही दात ३२, प्रकारही तेच. पण माकडाच्या दाढेवर चार टोकं दोन आडव्या उंचवट्यांनी जोडलेली असतात, आणि ही ठेवण नंतर आलेली आहे. आपल्या खालच्या दाढेची पाच टोकांची ठेवण त्याहून जुनी. मनगटात जुनं त्याने राखलं, दाढेत आपण. या दोन शाखा साधारण अडीच ते तीन कोटी वर्षांपूर्वी वेगळ्या झाल्या आणि दोन्ही आपापल्या वाटेने बदलत गेल्या. म्हणून ‘माकडापासून माणूस झाला’ हे वाक्य मला आता ऐकवत नाही. आज झाडावर दिसणारं माकड आपला पूर्वज नाही, दूरचं भावंड आहे.

सांगाडा उभा केला तेव्हा खालचा जबडा मी तारेने बांधला नाही. तो सुटा ठेवला आहे, शेजारी माणसाचा जबडा. पहिल्या वर्षाच्या मुलांना दोन्ही हातात घेऊन दाढा बघता येतात.