काळमणी म्हणजे पेट्रोल नाही हो

फँटसी वाचा नाहीतर सायफाय, एक वस्तू हटकून भेटतेच, ती म्हणजे काळ वाकवणारा दगड. निळा किंवा जांभळा, आतून मंद चमकणारा, अख्ख्या जगात एक नाहीतर दोन, आणि कुठल्यातरी गुहेत कोणीतरी म्हातारा त्याच्यावर पहारा देत बसलेला. यंत्रात बसवला की यंत्र भूतकाळात जातं, काठीच्या टोकाला लावला की जादूगार वेळ थांबवतो. मला हा प्रकार मनापासून आवडतो, नाक मुरडणाऱ्यांतला मी नाही, पण एक तक्रार कित्येक दिवस मनात आहे की बहुतेक लेखक त्याला इंधन समजतात. घाला, जाळा, संपला की दुसरा शोधायला निघा. मग त्याला स्फटिक कशाला पाहिजे, दगडी कोळसा पण चालला असता की!

गंमत म्हणजे एच. जी. वेल्सने १८९५ साली 'द टाइम मशीन' लिहिली त्यात स्फटिक आहे, पण यंत्राचा एक भाग म्हणून. निकेल, हस्तिदंत आणि स्फटिक असं ते यंत्र, आणि निघायच्या आधी तो प्रवासी क्वार्ट्झच्या दांडीवर तेलाचा अजून एक थेंब सोडतो. बास, एवढंच. मला तो तेलाचा थेंब नंतरच्या सगळ्या निळ्या उजेडापेक्षा जास्त खरा वाटतो.

कारण खऱ्या जगात स्फटिक आणि वेळ यांचं नातं मोजण्याचं आहे, ताकदीचं नाही. १८८० मध्ये पिएर आणि झाक क्युरी या भावांनी दाखवलं की क्वार्ट्झसारखे काही स्फटिक दाबले की त्यांच्यावर विद्युतभार तयार होतो, आणि पुढच्याच वर्षी हेही दाखवलं की उलट बाजूने वीज दिली की ते किंचित हलतात. त्यावरच आपली साधी मनगटी घड्याळं चालतात. आत एक चिमुकली डबी असते, तिच्यातली हवा काढून टाकलेली, आणि त्यात सूर जुळवायच्या चिमट्याच्या आकाराचा क्वार्ट्झचा तुकडा, तो सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. हा आकडा पंधरा वेळा निम्मा केला की बरोबर १ उरतो, म्हणजे एक सेकंद. बनवताना त्याच्या टोकांवर धातूचा पातळ थर देतात आणि मग लेझरने त्यातला कणकण उडवत बसतात, वजन कमी झालं की थरथर वाढते, असं करत करत तो आकडा गाठतात. आता सांगा, यापेक्षा जास्त जादू कुठल्या मंत्रात आहे?

आणि आता माझा लाडका मुद्दा. हा तुकडा साधारण २५ अंश सेल्सियसला सगळ्यात जोरात चालतो, त्यापेक्षा तापवला तरी मंदावतो आणि गार केला तरी मंदावतो. दोन्हीकडे मंदच! फरक अगदी बारीक असतो, पण कथा लिहिणाऱ्यासाठी हे घबाड आहे. समजा असा एक स्फटिक आहे जो वेळ फक्त मोजत नाही तर आसपासच्या वेळेला आपल्या मोजणीप्रमाणे वागायला लावतो (माझ्या वहीत त्याचं नाव काळमणी आहे), तर त्याच्याने वेळ फक्त मंद करता येईल. तापवा नाहीतर गोठवा, तुम्ही मंदावणार, बाहेरचं जग पुढे निघून जाणार. म्हणजे भविष्यात जाता येतं, मागे परत येता येत नाही. आजोबांना मारलं तर मी जन्मलो कसा वगैरे सगळा गुंता एका झटक्यात खलास.

जादू की तंत्रज्ञान हे भांडण पण यात आपोआप मिटतं, कारण इंजिनिअर त्याला विजेच्या भट्टीत ठेवणार, कुठलातरी साधू तळहातात धरून श्वासाच्या उबेने तापवणार आणि उत्तरेकडची चेटकीण बर्फात पुरणार, काम एकच. तिघंही एकमेकांना अडाणी म्हणणार हे ओघाने आलंच.

खऱ्या 'टाइम क्रिस्टल'बद्दल कोणीतरी विचारणार म्हणून सांगून टाकतो. साध्या स्फटिकात अणूंची मांडणी जागेत पुन्हा पुन्हा येते, तशी ज्यात हालचाल वेळेत आपोआप पुन्हा पुन्हा येते असा पदार्थ, ही ती कल्पना. भौतिकशास्त्रज्ञ फ्रँक विल्चेक यांनी ती २०१२ मध्ये मांडली, मूळ रूपात ती शांत, स्थिर अवस्थेत शक्य नाही असं नंतर सिद्ध झालं, मग २०१७ मध्ये बाहेरून सतत ठोके देऊन तसं वागणाऱ्या प्रणालींचे दोन प्रयोग प्रसिद्ध झाले. त्यातलं एक वागणं असं की तुम्ही दोन ठोके द्यायचे तेव्हा ती एक आवर्तन पूर्ण करते. त्यातून ऊर्जा फुकट मिळत नाही आणि कोणी काल-परवात जात नाही. बातम्यांच्या मथळ्यांनी मात्र तेव्हा कहर केला होता.

राहिला प्रश्न दुर्मिळतेचा. नुसतं 'फार दुर्मिळ आहे' म्हणून भागत नाही, का ते सांगायला पाहिजे, कारण क्वार्ट्झ तर जमिनीत ढिगाने आहे, शिवाय कारखान्यात बंद पोलादी भांड्यात, प्रचंड दाबाखाली, साडेतीनशे अंशांच्या आसपास क्वार्ट्झचाच छोटा तुकडा बीज म्हणून टाकून काही आठवड्यांत वाढवता येतो. मग काळमणी का नाही वाढवत? तर माझं उत्तर असं, की तो जितका मोठा होतो तितकी त्याच्याजवळची वेळ मंदावते, आणि वेळ मंदावली की त्याची वाढही मंदावते. तांदळाच्या दाण्याएवढा व्हायला शंभर वर्षं, बोटाच्या पेराएवढा व्हायला काही हजार, आणि घाई करायला भट्टी तापवाल तर तो आणखीच रेंगाळणार. पहारेकरी म्हातारा नको, शाप नको, दगड स्वतःच स्वतःला दुर्मिळ ठेवतो.

म्हणजे कोणी मुठीएवढा काळमणी दाखवला तर एकतर तो पृथ्वीपेक्षा जुना असला पाहिजे नाहीतर काच. माझ्या कथेत राणीच्या मुकुटात तसा एक आहे. तो काच आहे हे सोनाराला पहिल्या दिवसापासून माहीत आहे, दरबाराला मात्र हळूहळू शंका यायला लागलीय, कारण बाई चोवीस तास तो डोक्यावर मिरवतात तरी बाकीच्यांच्याच स्पीडने म्हाताऱ्या होतायत.