छाटलेली वेल आणि कापलेला केस

गेल्या वैशाखात धाकट्या बहिणीच्या मुलाचे जावळ काढले. गंगापूर रोडवरच्या आमच्या घरी पाटावर माझा भाऊ बसला, मामाच्या मांडीवर बाळाला दिले आणि वडिलांच्या वेळेपासून आमच्याकडे येणाऱ्या नाभिक कुटुंबातील तरुणाने अतिशय हळुवार हाताने ती मऊ, तपकिरी जावळे उतरवली. बाळ थोडे रडले, मग शांत झाले. त्याच्या गुळगुळीत डोक्यावरून हात फिरवत आई म्हणाली, "आता बघा, कसे दाट आणि काळेभोर केस येतात ते." घरात सगळ्यांनी माना डोलावल्या. माझ्या शेजारी भावाची मुलगी बसली होती. ती सतरा वर्षांची आहे. थोड्या वेळाने मला स्वयंपाकघरात एकटी गाठून तिने खालच्या आवाजात विचारले, "आत्या, मग माझ्या हनुवटीवरचे केसही मी रेझर लावला म्हणूनच राठ झाले का?"

तेव्हा मला कळले, की गेले वर्षभर ती हनुवटीवरचे केस गुपचूप काढत होती, आणि ते पुन्हा येताना जाड व काळे येतात हे पाहून स्वतःलाच दोष देत होती. तिच्या एका मैत्रिणीने तिला बजावले होते, "एकदा ब्लेड लावलेस ना, आता आयुष्यभर सुटका नाही." मी अकरावी-बारावीला जीवशास्त्र शिकवते. तिला "नाही" एवढे एका शब्दात सांगणे मला सोपे होते, पण त्याने तिचे समाधान झाले नसते, कारण तिने जे पाहिले होते ते खोटे नव्हते. केस खरोखरच जाड झाले होते. त्याचे कारण मात्र तिने धरले होते ते नव्हते, आणि हा फरक तिला नीट उलगडून सांगणे मला माझे कर्तव्य वाटले.

कापले की जोमाने वाढते, ही समजूत आपल्याकडे इतकी घट्ट का आहे, याचा विचार करताना मला आईचे माहेर आठवले. ते निफाड तालुक्यात आहे आणि तिथे द्राक्षबाग आहे. एप्रिलमध्ये खरड छाटणी आणि ऑक्टोबरमध्ये गोडी छाटणी, अशा दोन छाटण्या आई लहानपणापासून पाहत आली. उघडीबोडकी दिसणारी बाग पंधरा-वीस दिवसांत हिरव्या फुटीने कशी भरून येते, हे जिने साठ-पासष्ट वर्षे पाहिले आहे, तिला केसांबाबतही तेच खरे वाटावे यात नवल नाही. वेल छाटल्यावर जोमाने फुटते, याला कारण आहे. वेलीची काडी जिवंत असते, तिच्यावर डोळे, म्हणजे नवी फूट जिथून निघते ते कोंब, असतात, आणि शेंड्याकडून खाली येणारे ऑक्झिन हे संप्रेरक त्या डोळ्यांना दाबून ठेवत असते. शेंडा छाटला की तो दाब उठतो, साठवलेले अन्न त्या डोळ्यांकडे वळते आणि ते फुटतात. डोळे एकसारखे फुटावेत म्हणून आमचे मामा ऑक्टोबर छाटणीनंतर त्यांना पेस्टही लावतात. म्हणजे कात्री जिथे चालते, तिथून मुळापर्यंत बातमी पोहोचण्याची सोय वेलीत आहे.

केसात ती सोय नाही. त्वचेच्या वर आपल्याला दिसतो तो केस म्हणजे केराटिन या प्रथिनाने भरलेल्या मृत पेशींचा धागा. त्यात रक्तवाहिनी नाही, चेतातंतू नाही, डोळा नाही. केस कापताना दुखत नाही आणि उपटताना मात्र दुखते, एवढ्या रोजच्या अनुभवातच हे सारे आले आहे. केस तयार होतो तो त्वचेच्या आत, केशकूपाच्या तळाशी, जिथे पेशी सतत विभागत असतात आणि जिथे रक्तवाहिन्या पोहोचलेल्या असतात. केसाची जाडी, त्याचा रंग आणि वाढीचा वेग ही तिन्ही त्या तळाशी ठरतात. वस्तरा चालतो त्वचेच्या पृष्ठभागावर. वर काय कापले गेले, हे तळाला कळण्याचा मार्गच नाही. शिवाय नवे केशकूप जन्मानंतर तयार होत नाहीत. माणसाच्या अंगावर सुमारे 50 लाख केशकूप असतात, त्यांपैकी सुमारे 1 लाख डोक्यावर, आणि हे सर्व आईच्या पोटातच घडलेले असतात. त्यामुळे गोटा केल्याने केसांची संख्या वाढणे हे शरीररचनेतच बसत नाही.

मग हाताला खरखरीत लागते ते काय? हे भाचीला तोंडी सांगण्यापेक्षा दाखवावे असे मी ठरवले आणि कॉलेजला सुट्टी असतानाही परवानगी काढून तिला प्रयोगशाळेत नेले. तिच्या हातावरची, कधीही न कापलेली लव मी चिमट्याने काढली आणि काचपट्टीवर पाण्याच्या थेंबात ठेवली. दुसऱ्या काचपट्टीवर तिने स्वतःच्या हनुवटीचा, रेझर फिरवल्यानंतर वाढलेला एक खुंट ठेवला. सूक्ष्मदर्शकातून पाहिल्यावर लवेचे टोक दिसले ते निमुळते होत होत जवळजवळ अदृश्य होणारे, तांदळाच्या कोवळ्या पात्याच्या टोकासारखे. खुंटाचे टोक ऊस तोडल्यावर दिसते तसे सपाट, पूर्ण जाडीवर छाटलेले होते. मग तिच्या डोक्याचा एक लांब केस घेऊन मी तो मध्येच कात्रीने कापला आणि त्याचे ताजे टोक दाखवले. तेही तसेच सपाट होते. "हा केस तर आता तुझ्यासमोर कापला. इतक्यात तो जाड झाला का?" मी विचारले. ती बराच वेळ भिंगातून पाहत राहिली.

खुंट राठ लागण्याचे आणखी एक कारण त्याच्या आखूडपणात आहे. लांब केस वाकतो, म्हणून मऊ वाटतो, तर एखाद-दोन मिलिमीटरचा खुंट वाकत नाही, तो टोचतो. खराट्याची लांब काडी सहज वाकते आणि तीच बोटभर तोडली की ताठ उभी राहते, तसेच हे आहे. रंगाचेही असेच. अंगावरच्या जुन्या केसांनी महिनोन् महिने ऊन आणि साबण सोसलेले असतात, त्यामुळे त्यांचा रंग उतरलेला असतो. त्वचेतून नुकताच बाहेर आलेला केस तुलनेने गडद दिसतो आणि गोऱ्या किंवा निमगोऱ्या त्वचेवर तो चटकन डोळ्यांत भरतो. पुन्हा वस्तऱ्याने सगळे केस एकाच पातळीवर आणलेले असल्यामुळे ते सगळे एकाच दिवशी डोके वर काढतात, आणि दाटी वाढल्याचा भास होतो.

या प्रश्नाचा अभ्यास शास्त्रज्ञांनी फार पूर्वीच केला आहे. अमेरिकेत सेंट लुईस येथील वॉशिंग्टन विद्यापीठात मिल्ड्रेड ट्रॉटर या शरीररचनाशास्त्रज्ञ होत्या. हाडांच्या लांबीवरून माणसाची उंची काढण्याची त्यांची सूत्रे पुढे न्यायवैद्यकात सर्वत्र वापरली गेली, पण त्याआधी त्यांनी केसांवर बारकाईने काम केले होते. दाढी केल्याने केसांच्या वाढीवर परिणाम होत नाही, असा त्यांचा निष्कर्ष 1928 मध्ये प्रसिद्ध झाला. 1970 मध्ये लिनफील्ड आणि मॅकविल्यम्स यांनी पाच निरोगी तरुणांचा एक पाय दर आठवड्याला, असे कित्येक महिने वस्तऱ्याने साफ केला आणि दुसऱ्या पायाला हात लावला नाही. शेवटी दोन्ही पायांच्या केसांची जाडी, वजन आणि वाढीचा वेग यांत फरक आढळला नाही. हा प्रयोग मला फार आवडतो, कारण त्यात एकाच माणसाचे दोन पाय परस्परांशी ताडून पाहिले आहेत, त्यामुळे अन्न, वय, वंश, संप्रेरके या साऱ्या शंका एकदमच मिटतात. माणसे पाचच होती हे खरे, पण कापण्याचा परिणाम जर आपण समजतो तितका ठळक असता, तर तो पाचांतही दिसल्याशिवाय राहिला नसता.

आणि नाशिककराने तर यासाठी अमेरिकेपर्यंत जाण्याचीही गरज नाही. रामकुंडावर वर्षभर लोक क्षौर करतात. त्यांत पन्नाशी-साठीचे, टाळू विरळ झालेले कितीतरी पुरुष असतात. वडील गेले तेव्हा माझ्या काकांनी तिथेच केस उतरवले. दोन महिन्यांनी त्यांचे केस परत आले ते पूर्वी जिथे होते तिथेच, आणि टक्कल होते ते टक्कलच राहिले. वस्तऱ्यात केस दाट करण्याचा गुण असता, तर टकलावर उपाय शोधणाऱ्यांची रीघ पंचवटीतच लागली असती.

मला वाटते, या समजुतीला सर्वांत मोठा आधार वयाचा मिळतो. वस्तरा माणसाच्या आयुष्यात येतो तो नेमका केस आपणहून बदलत असतानाच. बाळाचे जावळ आपण पहिल्या किंवा तिसऱ्या वर्षी काढतो. त्या काळात बाळाचे सुरुवातीचे बारीक केस गळून त्यांच्या जागी अधिक जाड केस येतच असतात, जावळ काढले नाही तरी येतात. मुलाला चौदाव्या-पंधराव्या वर्षी मिसरूड फुटते, आधी वरच्या ओठाच्या दोन्ही कडांना, मग पूर्ण ओठावर, मग गालांवर आणि हनुवटीवर. टेस्टोस्टेरॉन आणि त्यापासून तयार होणारे डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन यांच्या प्रभावाने लवेचे केशकूप मोठे होतात आणि पुढची काही वर्षे दाढी भरतच जाते. मुलगा याच वर्षांत दाढी करायला लागतो, आणि श्रेय वस्तऱ्याला मिळते. हीच संप्रेरके काही पुरुषांच्या टाळूवरचे केशकूप मात्र लहान करत नेतात, यावरूनही दिसते की हुकूम आतूनच सुटतो.

केसांची वाढ बाहेरच्या कारणांनी कधीच बदलत नाही, असे मात्र मी म्हणणार नाही. प्लॅस्टरमध्ये काही आठवडे राहिलेल्या हातावर किंवा पायावर त्या जागेपुरते केस वाढल्याची उदाहरणे वैद्यकात नोंदलेली आहेत आणि ते पुढे पूर्ववत होतात. वर्षानुवर्षे उपटत राहिलेल्या भुवया काही बायकांच्या पुन्हा नीट येत नाहीत, कारण उपटताना केशकूपाला इजा होते. म्हणजे परिणाम व्हायचा तर तो केशकूपापर्यंत पोहोचायला हवा. दाढी करताना होणारा खरा त्रास वेगळाच आहे. कुरळा केस कापल्यावर त्याचे अणकुचीदार टोक पुन्हा त्वचेत शिरून पुटकुळी येते. म्हणून त्वचा ओली करून, केसांच्या दिशेने, हलक्या हाताने रेझर फिरवावे, आणि ते दुसऱ्याचे कधीही वापरू नये, कारण हेपॅटायटिस बी आणि सी रक्ताच्या सूक्ष्म अंशातूनही पसरतात.

एवढे सांगून झाल्यावर भाचीचा प्रश्न संपला नाही, तो खऱ्या अर्थाने सुरू झाला. रेझर कारण नसेल, तर सतराव्या वर्षी मुलीच्या हनुवटीवर जाड केस का यावेत? मी विचारले तेव्हा तिने सांगितले, की तिची पाळीही दोन-दोन, तीन-तीन महिने लांबते. हे तिने कोणालाच सांगितले नव्हते, कारण केसांचे कारण तिला आधीच सापडलेले होते. या समजुतीवर माझा राग आहे तो इथे. ती मुलीच्या हाती अपराधाची भावना देते आणि डॉक्टरांकडे जाण्याची वाट बंद करते.

आम्ही तिला स्त्रीरोगतज्ज्ञांकडे नेले. बाईंनी शरीराच्या नऊ भागांवरील केसांना शून्य ते चार असे गुण देऊन नोंद केली, वजन आणि रक्तदाब पाहिला, टेस्टोस्टेरॉन, थायरॉइड, प्रोलॅक्टिन आणि साखरेच्या रक्ततपासण्या लिहून दिल्या. पाळी सुरू होऊन थोडीच वर्षे झालेल्या मुलींमध्ये केवळ सोनोग्राफीवरून पीसीओएसचे, म्हणजे पाळी अनियमित करणाऱ्या आणि नको तिथे केस आणणाऱ्या संप्रेरकांच्या विकाराचे, निदान करू नये, हेही त्यांनी समजावले. उपचार सुरू झाले तरी केसांवर फरक दिसायला सहा महिने तरी लागतील, कारण केशकूपाचे चक्र तेवढे लांब असते, आणि तोवर तिने निर्धास्तपणे रेझर वापरावे, असे त्या म्हणाल्या. मग त्यांनी घरातल्या इतर बायकांची माहिती विचारली.

आई सोबत आली होती. ती थोडा वेळ गप्प राहिली आणि मग तिने आपल्या थोरल्या बहिणीबद्दल सांगितले. मावशींच्या हनुवटीवरही असेच केस होते, पाळी कधी नियमित नव्हती, मूल झाले नाही आणि चाळिशीतच त्यांना मधुमेह लागला. "आणि अक्कांनी तर जन्मात कधी रेझर हातात धरले नव्हते," आई म्हणाली. डॉक्टरांनी ते वाक्य ऐकून घेतले आणि कागदावर मावशींचा मधुमेह लिहून घेतला.